मिशीचे गोत्र

कुठलाही शब्द वापरण्याआधी त्याची चौकशी करावी, असे आमच्या मास्तरांचे मत होते. मुलगी ज्या घरात द्यायची त्या घराची करतात तशी. मूळ गाव कोणते, आजोळ कुठले, मधली काही शतके कोणाकडे राहून आला आणि तिथून काय खोडी उचलून आणल्या. चौकशी पुरी होईपर्यंत बोलणे अडले तरी त्यांची हरकत नसे, आणि ते रोजच अडत असे.

मास्तर म्हणजे शाळेतले मास्तर नव्हेत. निदान मी त्यांना ओळखू लागलो तेव्हा नव्हते. स्वातंत्र्य मिळून काही वर्षे झाली होती आणि पिंपरीच्या माळावर चिमण्या उगवू लागल्या होत्या. पिंपरीचा औषधांचा कारखाना म्हटले की लोकांना मोठा सरकारी कारखाना आठवतो. आमचा तो नव्हे. आमचा जरा आडबाजूला, दोन पत्र्याच्या शेडचा, एका चिमणीचा. मुंबईच्या मालकांनी इंजेक्शनच्या बाटल्या भरायचे यंत्र परदेशातून आणले होते आणि यंत्राबरोबर नियमही आले होते. नियम इंग्रजीत आणि कामगार ताथवडे, माण, निगडी या गावांतले. मध्ये पूल हवा म्हणून पुण्याच्या एका शाळेत मराठी शिकवणाऱ्या या गृहस्थांना भाषांतरकार म्हणून आणले. त्यांनी पूल बांधायला घेतला, पण पलीकडच्या काठाला न टेकवता तो नदीच्या उगमाकडे नेला. मी शेजारच्या टेबलावर कारकून होतो, त्यामुळे हे बांधकाम मला रोज जवळून दिसे.

काळी टोपी, बंद गळ्याचा कोट आणि धोतर. धोतर सायकलच्या चेनीत अडकू नये म्हणून लावलेला चिमटा ते दिवसभर काढायला विसरत. मिशी मात्र विसरत नसत. रोज सकाळी कात्रीने नेमकी कापलेली ती मिशी नाकाखाली ओढलेल्या रेघेसारखी दिसे, जणू नाक महत्त्वाचे आहे असे कोणी दाखवून दिले आहे.

वास्तविक नाकाबद्दल त्यांना मोठा संशय होता. ओठ संस्कृत ओष्ठापासून आला, गालाचे गल्लाशी नाते सरळ होते, कपाळाचे कपालाशी. ही सगळी खानदानी मंडळी. नाकाचे मात्र प्राकृतापलीकडे काही सापडेना. चेहऱ्याच्या ऐन मध्यावर बसलेला हा इसम आला कुठून, याचा पत्ता नाही, असे ते म्हणत आणि बोलता बोलता समोरच्याच्या नाकाकडे अशा नजरेने पाहत की समोरचा रुमाल काढी.

पगार हा शब्द पोर्तुगीज आहे, असे त्यांनी एका पगाराच्या दिवशी रांगेत उभे राहून जाहीर केले. तेव्हा गोव्याच्या सत्याग्रहाने वातावरण तापले होते. रांगेत कुजबुज झाली, हा पैसा घ्यावा की नाही असा प्रश्नही कोणी काढला. बॉयलर सांभाळणारे इस्माईलभाई पुढे होते. ते मागे वळून म्हणाले, “मास्तर, पगार पोर्तुगीज असो का तुर्की असो, वेळेवर आला म्हणजे आपला.” रांग पुढे सरकली.

तर एके दिवशी साहेबांनी मास्तरांपुढे इंग्रजीतली एक ओळ ठेवली. साहेब परदेशात शिकलेले, स्वच्छतेच्या बाबतीत कडक. बाटल्या भरायची खोली नव्याने काचेने बंद केली होती. कामगार तिला काचघर म्हणत. त्या खोलीत दाढीमिशी असलेल्या माणसाने पाऊल टाकायचे नाही, एवढाच ओळीचा अर्थ. नाकातोंडाला फडके बांधले तर चालणार नाही का, असे मी विचारले होते. साहेबांच्या मते केसांत जंतू राहतात आणि फडक्याने फक्त त्यांची सोय होते.

दुसऱ्या कोणी ती ओळ चहा येईपर्यंत मराठीत आणली असती. मास्तरांचे दिवसामागून दिवस गेले. अखेर एका दुपारी ते माझ्या टेबलाशी आले ते वाटेत खजिना सापडल्यासारखे. मिशीचा पत्ता लागला होता. मूळ श्मश्रू, प्राकृतात गेल्यावर तिची मस्सू झाली आणि आपल्याकडे येईतो मिशी. पण खरा आनंद पुढेच होता. जुने पंडित सांगतात की श्म म्हणजे शरीर. शरीराच्या आश्रयाने राहते ती श्मश्रू, आणि शरीर जिथे कायमचे झोपते ते श्मशान. मिशी आणि स्मशान ही एका घरातली भावंडे. हे सांगताना त्यांचा आवाज भरून आला होता. हल्लीच्या पंडितांना ही व्युत्पत्ती पटत नाही असे मी कुठेसे वाचले होते, ते मी बोलून दाखवले. हल्लीचे पंडित गुळगुळीत दाढी करतात, त्यांना या विषयात मत कसले, असे म्हणून मास्तरांनी मला गप्प केले.

फळ्यावर मजकूर लागला तो असा: ‘काचघरात प्रवेश करणाऱ्याने श्मश्रूविहीन असावे.’

कामगार फळ्यापुढे गोळा झाले, आणि काचघरात जाताना एकाने टोपी काढली, दुसऱ्याने वहाणा काढल्या, तिसऱ्याने गळ्यातली माळ खिशात ठेवली. मिशा सगळ्यांच्या जागेवर होत्या. साहेब भडकले. मास्तर फळ्याजवळ उभे राहून येणाऱ्या-जाणाऱ्याला प्राकृतापासून समजावू लागले. शेवटी इस्माईलभाईंनी वरच्या ओठावरून बोट फिरवून दाखवले आणि अर्थ सगळ्यांना एकदम कळला. कळला तेव्हाच खरी पंचाईत झाली.

पुण्याच्या बाबूलोकांनी हौसेने मिशा काढायला तेव्हा सुरुवात केली होती. पण माळावरच्या गावांत मिशी काढायचा प्रसंग माणसावर येई तो बाप गेल्यावर. मिशी काढलेला तरुण रस्त्याने जाताना दिसला की लोक सायकल थांबवत आणि म्हातारा कशाने गेला ते विचारत. त्यामुळे नियमाचा अंमल सुरू झाल्यावर काचघरात जायला फक्त तीच माणसे तयार झाली ज्यांचे वडील आधीच वारले होते. बापामागे वाढवलेली मिशी त्यांनी पुन्हा काढली; त्यांचे आता कोण जाणार होते? निर्जंतुक खोलीत काम करायला पितृहीन असणे ही पात्रता ठरली. साहेबांनी एका चांगल्या कारागिराला तू का येत नाहीस म्हणून विचारले, तेव्हा तो नम्रपणे म्हणाला की आमचा म्हातारा अजून म्हशीची धार काढतो, त्याचा काही भरवसा देता येत नाही.

ताथवड्याच्या रघूची गोष्ट मात्र हसण्यावारी नेण्यासारखी नव्हती. रघू बदली कामगार. कोणी गैरहजर असेल त्या दिवशीच त्याला काम. त्याचा हात इतका हलका की त्याच्याकडून बाटली फुटल्याचे कोणाला आठवत नव्हते. काचघरात एक कायमची जागा निघाली आणि साहेबांना ती रघूलाच द्यायची होती. सोमवारी तो मिशीशिवाय आला तर कायम, नाही तर दुसरा माणूस. माणच्या ज्या मुलीशी त्याचे जमले होते, तिच्या घरच्यांनी नोकरी कायम झाल्याशिवाय सुपारी फोडायची नाही असे सांगून ठेवले होते.

शुक्रवारी रघू आमच्या टेबलांमध्ये येऊन उभा राहिला. मास्तरांना म्हणाला, “मिशी काडली तर बाप मेला, न्हाई काडली तर नोकरी. तुमी शिकलेलं हायसा. ह्यातलं काय मारू ते सांगा.”

मास्तरांनी चष्मा पुसला. लोक शब्दाला घाबरतात कारण त्याचे मूळ त्यांना माहीत नसते, मूळ सांगितले की भीती जाते, असा त्यांचा सिद्धान्त होता. रविवारी आपण स्वतः ताथवड्याला येऊन वडिलांना मिशीचे मूळ समजावून देऊ, असे त्यांनी रघूला वचन दिले. रघूचा चेहरा उजळला. मी मात्र मास्तरांचे सांगणे पूर्वी ऐकलेले असल्याने त्यांच्यासोबत जायचे ठरवले.

चिंचवडहून पवना ओलांडून आम्ही सायकलींवर निघालो. थंडीचे दिवस होते, ज्वारी डोक्याएवढी झाली होती. वाटेत एका गाडीवानाने बैलाला काय म्हणून हाक मारली ते टिपण्यासाठी मास्तर उतरले आणि बैलांसमोरच उभे राहिले. ते निस्तरण्यात आमचा बराच वेळ गेला.

रघूचे वडील, सगळ्या गावाचे तात्या, ओट्यावर बसले होते. उंचापुरा, ताठ माणूस, आणि मिशी पांढरीशुभ्र, कानाकडे निघालेली. गुळाचा चहा झाला. मास्तरांनी घसा साफ केला आणि श्मश्रूपासून सुरुवात केली. शेजारपाजारचे लोक जमले. तात्या कीर्तन ऐकावे तसे मान डोलवत ऐकत होते. प्राकृत आले, मस्सू आली, मिशी आली. मी मास्तरांच्या कोटाची बाही ओढली, पण ते रंगात आले होते. श्म म्हणजे शरीर, ते म्हणाले, आणि शरीर जिथे झोपते ते श्मशान.

दारातल्या बाईने मूल उचलून आत नेले.

“म्हंजे,” तात्या सावकाश म्हणाले, “मिशी आन् मसन भावंडं.”

“सख्खी,” मास्तर म्हणाले.

“मग बाप मसनात गेल्यावर आमी मिशी काडतो, ह्यात आमची चूक कंची?”

ज्या रूढीची मुळे उपटायला मास्तर आले होते, तिला त्यांनी नुकतेच वेदकाळापर्यंत पाणी घातले होते. हे त्यांच्या लक्षात येताना मी पाहत होतो. सिद्धान्त कोसळताना आवाज होत नाही. फक्त माणूस चष्मा काढून पुसू लागतो.

तात्यांना त्यांची कीव आली असावी. त्यांनी विषय बदलला आणि घरी कोण कोण असते ते विचारले. मास्तर म्हणाले की वडील वाईला असतात, खडखडीत आहेत, रोज घाटावर जातात. तात्यांनी मास्तरांच्या ओठावरच्या रेघेकडे पाहिले.

“वडील हायेत, आन् तुमची मिशीबी हाय.”

“आहे.”

“आन् माझ्या पोराची काडायला सांगताय.”

जमलेल्यांपैकी एक जण हसला, तात्या हसले नाहीत. ते म्हणाले, “आमी हट्टी न्हाई, मास्तर. पन बाप जित्ता आसताना मिशी काडलेला मानूस ह्या गावानं पाहिलेला न्हाई. एकदा पाहिला, की सोय पडंल. तुमी आदी काडा. मग पोराची काडू.”

मास्तर उठले आणि सायकलीच्या दिशेने गेले. ते निघाले असेच मला वाटले, आणि खरे सांगायचे तर मलाही निघायचे होते. गोठ्याजवळ रघू उभा होता. त्याने तोंडावर हात धरला होता. नकळत असेल, पण हात बरोबर मिशीवर होता. मास्तर त्याच्याकडे बघत थांबले. मग परत ओट्यावर येऊन बसले, टोपी काढून माझ्या हातात दिली आणि म्हणाले, “न्हाव्याला बोलवा.”

न्हावी आला. पाणी लावता लावता त्याने सवयीने विचारले की वडील कधी गेले. गेले नाहीत, मास्तर म्हणाले. न्हाव्याने वस्तरा मिटला. तात्यांनी त्याला सगळे समजावून सांगितले, त्याला काही ते पटले नाही, पण तात्यांचा शब्द मोडणे त्याला जमण्यासारखे नव्हते. वस्तरा हा शब्द फारसीतून आला हे मास्तरांना ठाऊक होते. त्यांनी ते सांगितले नाही. ओठ हलवणे धोक्याचे होते.

मिशी गेल्यावर तिथे एक पांढरा पट्टा राहिला. मास्तर एकदम तरुण दिसू लागले, आणि थोडे अनाथ. गावाने त्यांना मागून-पुढून नीट पाहून घेतले. मग तात्यांनी शब्द पाळला. रघू बसला, डोळे मिटून. काम झाल्यावर त्याने वडिलांकडे पाहिले, अजून जागेवर आहेत की नाहीत अशा नजरेने.

प्रश्न राहिला तो शेतावर गेलेल्या लोकांचा. संध्याकाळी ते परतणार, रघूला पाहणार आणि घरात रडारड सुरू होणार. तात्यांनी दवंडी द्यायचे ठरवले. शिकलेला माणूस आयताच आलेला होता, म्हणून मजकूर सांगायचे काम मास्तरांकडे आले. मास्तर म्हणाले, “तात्या हयात आहेत.” मग त्यांना राहवले नाही; हयात हा शब्द अरबी आहे, त्याऐवजी दुसरा शोधू, असे म्हणून ते विचारात पडले. तात्यांनी वाट पाहिली, मग दवंडीवाल्याकडे वळून स्वतःच सांगितले, “तात्या जित्ता हाय, पोराची मिशी कंपनीनं काडली, कुनी रडाया येऊ न्हाई, असं वरड.”

दवंडीवाला ओरडत गेला. तरीही दोन म्हाताऱ्या रडत आल्याच. दवंडीतले ‘तात्या’ आणि ‘मिशी’ एवढेच त्यांना लांबून ऐकू आले होते. तात्यांनी त्यांना ओट्यावर बसवून चहा पाजला.

सोमवारी रघू काचघरात गेला आणि दुपारपर्यंत कायम झाला. मास्तर कार्यालयात आले तेव्हा टंकलेखन थांबले. सगळे दोन मिनिटे स्तब्ध उभे राहिले. साहेब खोलीतून बाहेर आले, त्यांनी मास्तरांचा हात दोन्ही हातांत धरला. तसे काही नाही, असे मास्तर म्हणाले असते तर प्रकरण तिथेच मिटले असते. पण कुठलीही गोष्ट मुळापासून सांगायची त्यांची सवय. त्यांनी श्मपासून सुरुवात केली, आणि ते स्मशानापर्यंत पोचले तोवर दुःखाने यांच्या मनावर परिणाम झाला आहे अशी सगळ्यांची खात्री पटली. त्यांना धरून खुर्चीत बसवले, पाणी पाजले. मी खरे काय ते सांगू लागलो, तेव्हा मला बाजूला घेऊन अशा वेळी थट्टा करू नये असे समजावण्यात आले. संध्याकाळी साहेबांनी त्यांना सक्तीने रजेवर पाठवले.

आमच्या हिशेबनिसाची सासुरवाडी वाईची. बातमी तिकडे पोचायला जेवढा वेळ लागायचा तेवढा लागला.

मास्तर रजेवरून परतल्यावर एका सकाळी फाटकाशी गडबड ऐकू आली. हातात वेताची काठी, डोक्याला पगडी, आणि चालीत सत्तरी ओलांडलेल्या माणसाला न शोभणारा वेग. पहारेकऱ्याला न जुमानता एक वृद्ध गृहस्थ थेट आमच्या कार्यालयात आले. मास्तर उभे राहिले आणि त्यांच्या चेहऱ्यावरून ते कोण हे सगळ्यांना कळले. कोणी बसायला खुर्ची देईना. ज्याच्यासाठी आपण नुकतेच दोन मिनिटे स्तब्ध उभे राहिलो त्याला बसा कसे म्हणायचे, हे कोणाला सुचत नव्हते.

“मी गेल्याचं मला वाईच्या भाजीबाजारात कळलं,” ते मुलाला म्हणाले. “भाजीवालीनं पैसे घेतले नाहीत. का काढलीस?”

मास्तर प्राकृतापासून सुरुवात करतील म्हणून मी डोळे मिटून घेतले. तसे झाले नाही.

“एका मुलाची नोकरी अडली होती, बाबा,” ते म्हणाले.

“लागली?”

“लागली.”

म्हाताऱ्याने मुलाच्या ओठावर नुकत्याच उगवलेल्या खुंटांकडे जवळून पाहिले. मग माझ्या टेबलाजवळची खुर्ची ओढली, ती फाटकापाशी न्यायला सांगितली आणि तिथे जाऊन बसले. मिशी पूर्ववत होईपर्यंत ते वाईला परत जाणार नव्हते. ज्यांनी ज्यांनी दुखवटा पाळला त्यांनी आपल्याला रोज येता-जाता पाहून घ्यावे, असे त्यांचे म्हणणे होते. सुरुवातीला लोक मान खाली घालून आत शिरत, मग नमस्कार करू लागले. चिंचवडला बाजाराला येणारे तात्याही एकदा चौकशीला आले आणि त्यांच्याशेजारी बसले. मग बाजार नसतानाही येऊ लागले. दोन जिवंत बाप फाटकापाशी ऊन खात बसलेले, आणि आत काचेमागे पांढऱ्या डगल्यातला रघू. साहेबांनी एकदा हे कोण म्हणून विचारले. इस्माईलभाईंनी सांगितले, “पुरावा आहे, साहेब. दोन्ही नग चालू आहेत.”

रेघ पुन्हा सरळ आली तेव्हा म्हाताऱ्याने ती चष्मा लावून तपासली आणि वाईची गाडी धरली. रघूचे लग्न झाले. त्याचा ओठ मात्र कायमचा उघडा राहिला. रोज सकाळी कारखान्यात निघण्यापूर्वी तो वस्तरा फिरवी, आणि काही वर्षांत ताथवड्याला त्यात काही वाटेनासे झाले.

मग तात्या खरोखरच गेले. त्याच दिवशी निरोप आला, मास्तर आणि मी पोचलो तेव्हा अग्नी दिला होता. रघू नदीकाठी एकटा उभा होता. तो रडत नव्हता, घाबरलेला होता. मास्तरांना पाहून त्याने स्वतःच्या ओठावर हात ठेवला.

“समद्यांची पोरं बापासाठी मिशी देत्यात, मास्तर. माझ्यापाशी द्यायला काय हाय?”

मास्तरांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला. कुठला शब्द कुठून आला हे ते बोलले नाहीत. म्हणाले, “दहाव्यापर्यंत वस्तरा लावू नकोस. जेवढी येईल तेवढी येऊ दे.”

“तेवढी पुरंल?”

“पुरेल.”

दहाव्याला आम्ही पुन्हा गेलो. नदीवर गाव जमले होते. रघू पाण्याशी बसला तेव्हा त्याच्या ओठावर काळेभोर, दाट खुंट आले होते. तरण्या पोरांनी त्याची मिशी कधी पाहिलीच नव्हती. ती पोरे उठून पुढे आली, बघायला. न्हावी तोच होता, आता थकलेला. त्याने वस्तरा उघडला आणि थांबला. मग जुन्या सवयीने, सगळे माहीत असूनही, त्याने विचारले, “वडील कवा गेले?”

रघूने सांगितले, आणि तो रडू लागला.